तेऊमा: टाक्यांच्या लिपीच्या नोंदी

१२ जानेवारी २०२५, अमळनेर

दादाची चित्रकथा आता हौस राहिलेली नाही. पहिल्या भागाची चित्रं अर्ध्याहून जास्त झालीत आणि त्यातली माणसं अजून मराठीत बोलताहेत. पोत्यांवर, धक्क्याच्या दगडावर, गोदामाच्या दारावर काय लिहिलेलं दाखवायचं, हे त्याने माझ्या गळ्यात घातलंय. "तू भाषेवाला, तूच पाहा." भाषेवाला म्हणजे एम.ए.ला भाषाविज्ञानाचा पेपर होता, एवढंच.

जग त्याचं ठरलेलं आहे. दोन डोंगररांगा, मध्ये मावळतीकडे जाणारी मोठी नदी, काठाला खोल घळी, काळी माती, कापूस, आणि उन्हाळा असा की भर दुपारी रस्त्यावर कुत्रं दिसू नये. खान्देशी वाचकाला हे कुठलं ते सांगावं लागणार नाही. तापी मुलताईला उगवते आणि सुरतेजवळ समुद्राला मिळेपर्यंत ७२४ किलोमीटर मावळतीचीच वाट धरते. दादाने सातपुडा आणि अजिंठ्याची रांग जागच्या जागी ठेवली, नावं तेवढी पुसली. नदीचं नाव 'तेऊ'. म्हणून भाषा 'तेऊमा'. बाकी पाटी कोरी.

माझी अट आजच सांगून टाकली. अक्षरं सगळ्यात शेवटी. आधी कोण लिहितं, कशावर लिहितं आणि कशापायी लिहितं ते ठरवू. हौशी लिप्या ढिगाने सापडतात, वळणदार, वेलबुट्टीच्या. बहुतेकांत ए-बी-सी-डीच्या जागी एकेक नक्षी बसवलेली असते आणि ती लिहायला कोणाला किती वेळ लागेल याचा हिशोब कोणी केलेला नसतो. तसंच भाषेचं. वाक्य मराठी ठेवून आत शब्द तेवढे बदलले तर ते सोंग झालं.

दादाला घाई आहे. त्याला पाटी हवी आहे. मिळेल.

१९ जानेवारी

आवाज ठरवले. प त क, ब द ग, म न, र ल ळ, स ह, य व. बस. ख-घ-भ नाहीत, ट-ड नाहीत, च-ज नाहीत. पण ळ आहे. दादा म्हणतो ळ काढ, बाहेरच्यांची जीभ वळत नाही. मी ठेवला. ळ पुढे कामाला येणार आहे.

स्वर अ आ इ उ ए ओ. वेलांटी-उकारांत ऱ्हस्व-दीर्घ नाही. मोडीतही हा भेद पाळत नसत आणि त्यावाचून सरकारी कारभाराचं काही अडलं नाही. शब्दाच्या सुरुवातीला जोडाक्षर नाही, जोर शेवटून दुसऱ्या अक्षरावर.

पहिले शब्द: गोमू म्हणजे पोतं, सिळ म्हणजे दोरा, लुक म्हणजे शिवणं, हादे म्हणजे आणणं, दिर म्हणजे तीन. शब्द पाडताना एक पथ्य आहे, घरात मोठ्याने म्हणून पाहायचं. राजासाठी 'पादोर' काढला होता. बायकोने एकदा ऐकला आणि राजा जागच्या जागी पदच्युत झाला.

२ फेब्रुवारी

दिशा. तेऊमात डावं-उजवं नाही. वरधार, खालधार, पाण्याकडे, डोंगराकडे, असे चार प्रत्यय: -ओ, -इस, -ने, -ळू. कॅलिफोर्नियातल्या क्लॅमथ नदीकाठच्या कारुक आणि युरोक लोकांच्या भाषा नदीच्याच हिशोबाने दिशा सांगतात, तेव्हा हे हवेतलं काही नाही. आपल्याकडेही बांधावर उभा शेतकरी उगवतीचा बांध, मावळतीचा बांध म्हणतो. 'डावा बांध' म्हणणारा मोजणीला आलेला परगावचा माणूस असतो. कथेसाठी फायदा लगेच दिसला: नदीपासून दूर पठारावर नेलेल्या माणसाला दिशा सांगायला प्रत्ययच उरत नाही. दादा यावर एक पूर्ण प्रकरण लिहिणार म्हणतोय.

क्रियापद वाक्याच्या तोंडाशी. आणि क्रियापदाला साक्षीचा प्रत्यय लागलाच पाहिजे. डोळ्यांनी पाहिलं तर -त, ऐकीव असेल तर -मो. तुर्कीत ऐकीव गोष्टीसाठी क्रियापदाचं निराळं रूप आहे. आपण ते काम 'म्हणे'वर भागवतो, आणि नको असेल तेव्हा 'म्हणे' गिळून टाकतो. तेऊमात गिळता येत नाही. प्रत्यय नसला तर वाक्य अपुरं.

हादेत दिर गोमूने. तीन पोती पाण्याच्या बाजूला आणली, मी पाहिलं.
हादेमो दिर गोमूने. आणली म्हणे.

पहिलं लिहिणारा कारकून पोत्यांना जबाबदार. दुसरं लिहिणाऱ्याने हात आधीच झटकलेले. या एका प्रत्ययावर अख्खी चोरी रचता येईल, असं मी दादाला सांगितलं. त्याने ते वहीत लिहून घेतलं आणि तासाभराने ती कल्पना त्याची झाली.

लिंग ठेवलेलं नाही. त्याऐवजी वस्तू कशी वाहतात यावरून वर्ग: डोक्यावरची, खांद्यावरची, नावेतली, आणि जागची न हलणारी. नॅव्हाहो भाषेत वस्तू उचलण्या-ठेवण्याची क्रियापदं वस्तूच्या घडणीप्रमाणे बदलतात, ते वाचून हे सुचलं. कर्ज कोणत्या वर्गात यावरून बराच वाद झाला. डोक्यावरचं ठरलं.

१५ फेब्रुवारी, धुळे

राजवाडे संशोधन मंडळात मोडी कागद पाहिले. इतिहासाचार्य वि. का. राजवाड्यांचं निधन १९२६ च्या अखेरीस धुळ्यातच झालं आणि पुढच्याच वर्षी हे मंडळ उभं राहिलं. लहानपणी शाळेची सहल आली होती, तेव्हा लक्ष सगळं डब्याकडे. आज कागदाकडे होतं.

मोडीत आधी पानभर आडवी रेघ ओढतात आणि मग अक्षरं तिला लोंबकळत जातात. बोरू शक्यतो उचलायचा नाही. त्यामुळे अक्षराची शेपटी पुढच्या अक्षराच्या डोक्यात शिरते, आणि देवनागरीतला जो 'क' पाठ असतो तो इथे ओळखीचा राहत नाही. कोणा कलावंताने बसून ही वळणं आखलेली नाहीत. संध्याकाळच्या आत इतकी पत्रं रवाना झाली पाहिजेत, या तगाद्याने ती पाडली. ओडियाचे गोल माथे ताडपत्रामुळे आले असं सांगतात, कारण लोखंडी कोरणीने आडवी सरळ रेघ ओढली की पान शिरेवर फाटतं.

महानुभावांच्या सकळ लिपीची गोष्ट वेगळी. तिथे अक्षर बदललं ते लपवण्यासाठी. एका अक्षराच्या जागी दुसरं, त्याची किल्ली पंथाकडे. दादाला अशी गुप्त लिपी फार आवडेल, पण आमच्या खोऱ्यात लपवण्याची गरज कोणालाच नाही. उलट पोत्यावरचं लिखाण दहा हातांतून जाणार आणि दहाजणांना कळायला हवं.

मग लिहिणारा कोण? गोदामाचा माणूस. कशापायी? माल कोणाचा, किती, कोणी पाहिला. कशावर? हे अजून लटकलेलं आहे. कागद नको, तो सगळ्याच कथांत असतो. माती नको, ती इराक-इराणची आठवण देते. कापसाचा मुलूख आहे, उत्तर कापसातच असणार.

९ मार्च

मिळालं.

मावशीकडे गेलो होतो. ओसरीवर ती गोधडी घालत बसली होती आणि शेजारी मिरच्यांचं पोतं, तोंड दाभणाने शिवलेलं. पोत्याच्या शिवणीकडे पाहत राहिलो. लिहिणारा माणूस पोत्याचं तोंड तर शिवतोच. मग शाई कशाला? शिवणच लिखाण.

तिच्याकडून दाभण, सुतळी आणि एक फाटकी गोणी मागून घेतली आणि टाके घालू लागलो. मधली शिवण ती मूळदोरी. दोरा तिथून वर गेला की व्यंजन, खाली गेला की स्वर, खाली काहीच नसेल तर 'अ'. मावशी बराच वेळ बघत होती.

"काय करी ऱ्हायना रे भाऊ? गोणीवर कोनी नक्षी काढस का?"

नक्षी नाही, अक्षरं, म्हटलं. तिने गोणी माझ्या हातातून घेतली.

"इतला बारीक टाका बारदानवर टिकस नई." आणि माझा 'प' उसवून बोटभर लांबीचा नवा टाका घातला. तिथेच माप ठरलं. बोटभर हा पूर्ण टाका, पेरभर हा अर्धा. त्याहून लहान काही नाही. टिंब नाही, अनुस्वार नाही, वळणं नाहीत, कारण ताणलेला दोरा वळत नाही.

आणखी एक गोष्ट तिच्या हाताकडे पाहताना लक्षात आली. उजव्या हाताने धावदोरा घालताना सुई उजवीकडून डावीकडे चालते. म्हणजे लिपी उजवीकडून डावीकडे. हे मी ठरवलं असतं तर उर्दूची नक्कल वाटली असती. मावशीच्या मनगटाने ठरवलं.

१६ मार्च

या आठवड्यात पाठीमागची बाजू सापडली, आणि माझ्या मते या सगळ्या उद्योगातलं हेच खरं घबाड आहे.

समोर उभा टाका दिसतो. तो वर संपला की दोरा कापडाच्या मागे जातो आणि पुढच्या टाक्याच्या सुरुवातीला परत वर येतो. म्हणजे समोर सुटी अक्षरं, आणि मागे एका टाक्याच्या शेवटापासून दुसऱ्याच्या आरंभापर्यंत जाणाऱ्या तिरक्या रेघा. मागची बाजू अक्षरं दाखवत नाही, शिवण्याचा क्रम दाखवते. कोणता टाका आधी पडला, कोणता नंतर, सगळं. पेनने लिहिलेल्या कागदाला ही सोय नाही.

आता कोणी मध्येच खाडाखोड केली तर? जुना टाका उसवायचा म्हणजे दोरा कापायचा, आणि कापलेला दोरा पुन्हा चालवायचा म्हणजे गाठ. समोरून काही कळणार नाही. मागे जिथे अखंड तिरकी रेघ हवी तिथे गाठ बसलेली दिसेल.

मावशीला दाखवलं. तिला यात नवल काहीच नव्हतं. तिने कपाटातून एक जुनं मांजरपाटाचं झबलं काढलं, त्याची बाही कधीतरी उसवून मोठी केलेली. खिडकीच्या उजेडाला धरलं. दोरा जाऊन किती वर्षं झाली असतील, भोकांची रांग जशीच्या तशी.

"उसवेल टाका लपस नई, भाऊ."

मग बारदानावर तेच करून पाहिलं. बारदानाची वीण सैल. टाका काढून नखाने घासलं की धागे सरकतात आणि भोक बुजतं. म्हणजे थेट पोत्यावर शिवलेली नोंद पुसता येते. घट्ट विणीच्या कापडावर येत नाही. तेव्हा खोऱ्यातला रिवाज असा: नोंद मांजरपाटाच्या पट्टीवर शिवायची आणि ती पट्टी पोत्याच्या तोंडाला टाचायची. धक्क्यावर पट्टी उलटी करून बघणारा वेगळा माणूस असतो. त्याला वाचता यायची गरज नाही. त्याने नुसत्या गाठी शोधायच्या.

दादा म्हणाला, हा माणूस आंधळा असू दे. बोटांनी गाठी शोधतो. मला हेवा वाटला.

३० मार्च

पाडवा. गुढी उभारली, श्रीखंड खाल्लं, झोपलो. शब्दयादीत भर: नावा, वल्ही, सरकी, माप, जकात, थकबाकी. सणाच्या दिवशी थकबाकीसाठी शब्द काढणारा माणूस घरात असू नये असं बायकोचं मत.

६ एप्रिल

अक्षरांची वाटणी. कोरियाच्या हंगुलसारखी शिस्त लावायचा मोह फार होता. राजा सेजोंगच्या देखरेखीखाली १४४३ मध्ये ती तयार झाली, १४४६ मध्ये जाहीर झाली, आणि व्यंजनांचे आकार जीभ-ओठ-घसा यांवरून काढले. अप्रतिम काम आहे. पण त्यामागे राजा होता, विद्वान होते. आमच्याकडे दाभण घेतलेला हमाल आहे. त्याला एकच कळतं, दोरा महाग आणि पोती रांगेत.

म्हणून नियम दोऱ्याचा. सारखं लागणारं अक्षर एका टाक्यात, क्वचित लागणारं तीन टाक्यांत. मोर्सच्या कोडमध्ये इंग्रजीतल्या सगळ्यात वापरातल्या ईला एकच टिंब आहे, तोच व्यवहार. तेऊमाचे नमुना मजकूर मोजले तर त, म, न, र वर येतात. त उभा बोटभर, म तोच पण पेरभर, न वरधारेकडे कललेला, र खालधारेकडे. प, क, स, ल वगैरे दोन टाक्यांत. ग, ब आणि ळ तीन टाक्यांत. ळला फुली आणि वर आडवा टाका, शिवायला कटकटीचा. हे मुद्दाम.

त आणि म यांत लांबीचाच फरक आहे, वाचताना गल्लत होईल, असा दादाचा आक्षेप. होऊ दे. देवनागरीत घ-ध, भ-म यांनी आपल्या कितीतरी पिढ्या छळल्या. सगळी अक्षरं एकमेकांपासून सारख्या अंतरावर असलेली लिपी प्रयोगशाळेतली वाटते.

आकडे गाठींचे. इंका लोकांच्या किपूत दोऱ्यावरच्या गाठींनी दहांच्या पटीत मोजणी होत असे. इथे बाराच्या पटीत. अंगठा सोडून चार बोटांची पेरं मोजली की बारा, आपल्या आज्या तशाच मोजायच्या. गुरांच्या बाजारात रुमालाखाली बोटं दाबून सौदा करणारे दलाल गावातल्या एका आप्पांनी पाहिलेत. त्यांनी मला हात धरून करपल्लवी दाखवली: कोणती बोटं धरली आणि कशी दाबली यावर आकडा, आणि तो शेकड्यातला की हजारातला हे तोंडाने हळूच. बघणाऱ्याला नुसता रुमाल हलताना दिसतो. तेऊमाचे आकडे तेवढ्यापुरते या हातातून आलेत.

१३ एप्रिल, पाटणे

चाळीसगावहून पाटणादेवीला. ऊन कडक, माकडं निर्लज्ज.

इथला शिलालेख या प्रकल्पात कुठेतरी आणायचाच होता. भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याने आजोबांचे ग्रंथ शिकवण्यासाठी इथे मठ काढला, त्याची हकिकत शके ११२८ च्या या लेखात आहे. भाऊ दाजी लाडांनी तो एकोणिसाव्या शतकात उजेडात आणला. वंशाची थोरवी, विद्येची स्तुती, राजांची नावं, हे सगळं संस्कृतात. आणि शेवटी मठाला बाजारातून काय मिळायचं ते आलं की भाषा मराठी होते. घाण्यामागे पळीभर तेल, माल मोजायचा तो मठाच्या मापाने. देण्याघेण्याचं कलम जुन्या मराठीत लिहिलं, कारण घाणेवाल्याला ते कळायला हवं होतं.

तेऊमाला हीच रचना दिली. देवळाच्या दगडावर डोंगरापलीकडची जुनी, कोणी न बोलणारी भाषा, कोरलेली, भारदस्त. पट्टीवर तेऊमा, शिवलेली. दगड राजाचा, पट्टी बाजाराची. दगडाची लिपी मला बनवायची नाही, हे दादाला स्पष्ट केलं. दोन-चार अक्षरं झिजलेली दाखव, पुरे.

वरच्या अंगाला पितळखोऱ्याची लेणी आहेत. तिथे सापडलेल्या यक्षाच्या हातावर ब्राह्मीत कोरलंय की हा कान्हदास नावाच्या सोनाराने घडवला. मूर्ती आता दिल्लीच्या राष्ट्रीय संग्रहालयात आहे. दोन हजार वर्षांपूर्वीचा एक कारागीर स्वतःचं नाव टाकतो, तर आमचा शिवणारा का नाही टाकणार? प्रत्येक पट्टीच्या शेवटी शिवणाऱ्याचा स्वतःचा टाका, अक्षर नव्हे, खूण.

३० एप्रिल, आखाजी (अक्षय्य तृतीया)

बहिणी माहेरी आल्यात, लिंबाला झोके बांधलेत, घरात पाय ठेवायला जागा नाही. काम ऐकण्यातच झालं.

आमच्याकडे डोळ्याचा डोया होतो, काळ्याचा काया, केळीची केयी. ओसरीवर बसून मी ते मोजत होतो. मावशी 'डोया' म्हणते, तिची नात शाळेत जाते म्हणून 'डोळा' म्हणते, आणि आजीशी बोलताना तीच पोर पुन्हा 'डोया'वर येते. ग्रियर्सनच्या भाषा सर्वेक्षणात मराठी सातव्या खंडात आहे आणि खानदेशी नवव्या खंडाच्या तिसऱ्या भागात, भिली बोलींच्या शेजारी, १९०७ साली छापलेली. तिला कुठे बसवायचं यावर अजून वाद घालणारे आहेत. बोलणारे झोके घेताहेत.

ळ मी ठेवला होता तो यासाठी. वरधारेचे लोक सिळ म्हणतात, खालधारेचे सिय. पण लिपी वरधारेला जन्मली, म्हणून दोघेही तीन टाक्यांचा ळ शिवतात. खालधारेच्या कारकुनाला ळ कानाला ऐकूच येत नाही. कोणत्या शब्दात ळ शिवायचा आणि कोणत्यात य, हे तो पाठ करतो. पाठांतर चुकलं की जिथे मुळात य आहे तिथेही ळ शिवून मोकळा होतो, जास्त शुद्ध लिहिण्याच्या नादात.

बनावट पट्टी पकडायची दुसरी खूण तयार झाली. पहिली गाठ, दुसरी अस्थानी ळ. गाठ सांगते पट्टी उसवली. ळ सांगतो उसवणारा खालधारेचा.

दादाला फोन केला. तो काही वेळ बोललाच नाही, मग म्हणाला की खलनायकाचं गाव बदलावं लागेल.

१८ मे

पारा पंचेचाळीसच्या आसपास. दुपारी लॅपटॉप मांडीवर घेणं म्हणजे शिक्षा, काम पहाटे आणि रात्री.

भाचा जळगावला इंजिनिअरिंगला आहे, सुट्टीत आलाय. फॉन्टफोर्ज या फॉन्ट बनवायच्या प्रोग्रॅममध्ये टाके काढायला त्याला बसवलं. पहिला नमुना अगदी सरळ रेघांचा आला, बारकोड वाटावा असा. टाका म्हणजे रेघ नव्हे. दोन्ही टोकांना तो कापडात बुडतो, मध्ये किंचित फुगतो, सुतळीचा पीळ दिसतो. पीळ काढून टाकला, कारण लहान आकारात नुसता डाग दिसतो. टोकं बारीक ठेवली.

प्रत्येक टाका हुबेहूब सारखा दिसला की खोटं वाटतं. म्हणून प्रत्येक अक्षराची तीन रूपं, थोडी उंच-सखल, आणि संदर्भानुसार रूप बदलण्याची जी ओपनटाइप फॉन्टमध्ये सोय आहे तिने ती आळीपाळीने येतात. दोन 'त' शेजारी आले तरी जुळे दिसत नाहीत. स्वरांचे टाके खाली अँकरने, म्हणजे फॉन्टमधल्या जोडबिंदूने, टांगले. भाच्याने हे सगळं मोबाईलवर व्हिडिओ पाहत केलं.

संगणकावर प्रत्येक अक्षराला क्रमांक देणारी यादी म्हणजे युनिकोड. आमच्या जागा तिच्यातल्या खासगी वापराच्या पट्ट्यात घेतल्या, ई००० पासून पुढे. तिथे ६,४०० जागा मोकळ्या आहेत, कोणी विचारत नाही. अधिकृत जागा मागता येईल का, असं भाच्याने विचारलं. संथाळीसाठी रघुनाथ मुर्मूंनी १९२५ मध्ये ओल चिकी घडवली. ती लोकांनी शिकली, शाळांत गेली, आणि युनिकोडमध्ये यायला २००८ उजाडलं. मोडी तर २०१४ मध्ये आली. आमच्या लिपीत अजून एकाही खऱ्या माणसाने खरी थकबाकी लिहिलेली नाही. खासगी पट्टा पुष्कळ झाला.

८ जून

उजवीकडून डावीकडे. मावशीच्या मनगटाची किंमत आता मोजतोय.

खासगी पट्ट्यातल्या अक्षरांना युनिकोडने मुळात डावीकडून उजवीकडे अशी दिशा दिलेली आहे. अरबी टाइप केली की ओळ आपसूक उलटी चालते, आमची चालत नाही. ओळीच्या आधी दिशा पालटणारं अदृश्य चिन्ह घातलं की चालते, पण मजकूर एका प्रोग्रॅममधून दुसऱ्यात चिकटवला की ते चिन्ह कधी येतं, कधी गळतं, आणि गळलं तर वाक्य शेपटाकडून वाचलं जातं. लिबरऑफिसमध्ये टाक्यांची रूपं बिनतक्रार बदलतात. वर्डमध्ये संदर्भानुसार रूप बदलण्याचा पर्याय आधी हाताने चालू करावा लागला.

भाच्याचा सल्ला होता की अक्षरं उलटी काढून डावीकडून टाइप करू, दिसायला तेच. मी नाही म्हटलं. मग मजकुरात शोध घेताना शब्द उलटा शोधावा लागेल. ठरलं ते असं: शब्दकोश आणि नोंदी अदृश्य चिन्हासह, आणि चित्रांतला मजकूर इंकस्केप या चित्रं काढायच्या प्रोग्रॅममध्ये टाइप करून रेघांत रूपांतरित. छापखान्याकडे फॉन्ट जाणारच नाही.

२९ जून

पाऊस धरला. पेरण्या उरकल्या, माणसं घरात सापडू लागली.

लिपी मुलांना शिकवून पाहिली. मावशीची नात आणि तिच्या मैत्रिणी, सहावी-सातवीतल्या. पट्टीवर शिवायला त्यांना कंटाळा आला, वहीत पेनने लिहू लागल्या. दोन-तीन दिवसांत अक्षरं बदलायला लागली. पेन उचलायला नको म्हणून वरचा टाका आणि खालचा टाका एका झटक्यात, कोपरा गोल. ळची फुली कोणीच नीट काढेना, ती गाठीसारखं एक वेटोळं झाली. त-मची गल्लत टाळायला एका पोरीने 'म'ला पायाशी आकडी दिली, आणि बाकीच्यांनी न विचारता उचलली.

दादा म्हणाला, त्यांना थांबव, लिपी बिघडतेय. मी वह्याच मागून घेतल्या. ही पुढच्या काळातली कागदी तेऊमा आहे. कथेच्या तिसऱ्या भागात शंभर वर्षं उलटतात, तिथे हीच वापरायची, मुलींनी काढली तशी. 'म'ची आकडी मी कितीही बसलो असतो तरी मला सुचली नसती. भाच्याला दुसरा फॉन्ट करायला सांगितलाय. त्याने परीक्षेचं कारण पुढे केलं. परीक्षा केव्हाच संपली आहे.

२० जुलै

चोरीच्या प्रकरणाची पानं आली. धक्क्यावर पट्टी उलटी होते, आंधळा म्हातारा बोट फिरवतो, गाठीवर थांबतो. पुढच्या चौकटीत पट्टीची समोरची बाजू, पूर्ण मजकूर:

हादेत दिर गोमूने.

त्याखाली उजेडाला धरलेली तीच पट्टी. 'त'च्या खाली जुन्या ओकाराची भोकं, आणि 'त'च्या अर्ध्यावर एक भोक, जिथे आधी पेरभर 'म' संपत होता. म्हणजे मूळचं हादेमो. कारकुनाने पोती पाहिलीच नव्हती. मराठी वाचकाला हे तळटीप न देता कळेल का? आधीच्या पानांवर -त आणि -मो ज्या तऱ्हेने येऊन गेलेत त्यावरून कळावं. घरातल्या तिघांना दाखवलं, दोघींना कळलं. तिसरा मी लिहिलेलं कधीच वाचत नाही.

मावशीला छापलेलं पान दिलं. तिने चष्मा लावून पट्टीचं चित्र पाहिलं आणि म्हातारा गाठीवर अंगठा ठेवतो ते चूक, असं सांगितलं. गाठ तर्जनीला आधी लागते. दादा ती चौकट पुन्हा काढतोय.

उरलेलं काम: एकशे चव्वेचाळीसच्या पुढचे आकडे, कारण दुसऱ्या भागात कापसाच्या गाठी मोजायच्या आहेत. खालधारेच्या बोलीचे प्रत्यय, -ळूचं -यू झालं की आणखी काय काय हलतं ते. शिवणाऱ्यांच्या खुणा, निदान बारा वेगवेगळ्या. आणि राजासाठी शब्द अजून नाही.